यष्टींमागील माणूस

रोह्याच्या परिसरात भाताची कापणी आटोपली, झोडणी होऊन पेंढा रचला गेला, की कुंडलिकेच्या दोन्ही काठांची खाचरे काही काळ मोकळी पडतात. कोकणात सपाट जमीन मुळातच थोडी. तेव्हा ही रिकामी खाचरे हीच गावच्या मुलांची क्रीडांगणे होत. तीन काटक्या रोवल्या की सामना सुरू होतो. फळी ज्याची तो प्रथम खेळणार, हा नियम सर्वत्रच मान्य आहे. चेंडू ज्याचा तो टाकणार, हाही तितकाच मान्य. ज्याचे स्वतःचे असे काहीच नाही, त्या मुलास काटक्यांच्या मागे उभे करण्यात येते. चेंडू बांधापलीकडे करवंदीच्या जाळीत गेला तर तो आणावयाचा त्यानेच, आणि सुटला म्हणून बोल ऐकावयाचे तेही त्यानेच.

हा खेळ खाचरातून उठून मुंबईच्या मैदानावर गेला, तेथून विलायतेस लॉर्ड्सच्या हिरवळीवर गेला, तरी या जागेचे नशीब फारसे बदलले नाही. गोलंदाजाने गडी बाद केला तर टाळ्या त्याला मिळतात, फलंदाजाने शतक काढले तर दुसऱ्या दिवशी वृत्तपत्रात त्याचे छायाचित्र येते. यष्टिरक्षकाने मात्र दिवसभरात सहाशे चेंडू बिनचूक अडविले तरी त्याची वार्ता नाही; एक झेल सुटला की तो पिढ्यान्‌पिढ्या लक्षात राहतो. त्याच्या कर्तबगारीची खूण म्हणजे त्याची आठवणच न होणे. अशा जागेवर ज्यांनी आपली उमेदीची वर्षे वेचली, त्या दत्ताराम धर्माजी हिंदळेकर यांच्याविषयी आज बोलावयाचे आहे.

हिंदळेकर यांचा जन्म १ जानेवारी १९०९ रोजी रत्नागिरीस झाला. आडनावावरून देवगडकडील हिंदळे गावाची आठवण व्हावी. त्या काळी कोकणातील माणसाला मुंबई ही दूर नव्हती आणि जवळही नव्हती. रोहे-पेणकडचा माणूस धरमतरला येऊन बोट धरी; रत्नागिरीकडचा माणूस बंदरावरून पडावात बसून खोल पाण्यात उभ्या असलेल्या आगबोटीला गाठी. दोघेही उतरावयाचे मुंबईच्याच धक्क्यावर. तेथून कोणी गिरणीत जाई, कोणी गोदीत, कोणी एखाद्या कचेरीत कारकुनीला चिकटे. रोह्याशी ज्यांच्या घराण्याचा निकटचा संबंध त्या चिंतामणराव देशमुखांनी १९४३ साली रिझर्व्ह बँकेचे पहिले हिंदी गव्हर्नर होण्याचा मान मिळविला, हे कोकणात आजही अभिमानाने सांगितले जाते आणि ते योग्यच आहे. बुद्धीच्या बळावर मोठे झालेल्यांची नोंद कोकण चोख ठेवते. हातांच्या बळावर मोठे झालेल्यांच्या बाबतीत त्याची वही जरा अपुरी असते. हिंदळेकर हे हातांच्या बळावर मोठे झालेले गृहस्थ. त्यांची नोकरी मुंबईच्या पोर्ट ट्रस्टमध्ये होती, पगार बेताचा होता, आणि ज्या हातांनी ते नोकरी करीत त्याच हातांत सुटीच्या दिवशी यष्टिरक्षकाचे मोजे असत.

यष्टिरक्षकाच्या हातांची कल्पना खेळ दुरून पाहणाऱ्यांस सहसा येत नाही. प्रत्येक चेंडूला त्याने गुडघे मोडून बसावयाचे आणि चेंडू टप्पा घेऊन उठताच त्याच्याबरोबर उठावयाचे. तो लवकर उठला तर खाली राहिलेला चेंडू निसटतो. उशिरा उठला तर उसळलेला चेंडू बोटांच्या टोकांवर आदळतो. भारतात त्या काळी पुष्कळ सामने मॅटिंगवर खेळले जात. काथ्याच्या त्या चटईवरून चेंडू असा काही उसळे, की तळहातावर यावयाचा तो अंगठ्याच्या सांध्यावर बसे. मोजे आजच्यासारखे जाड व घडीव नव्हते. जुन्या इंग्रज यष्टिरक्षकांपैकी काहीजण मोज्यांच्या आत कच्च्या मांसाचा तुकडा ठेवीत. चेंडूचा मार त्यावर बसे आणि हात वाचे. आपल्याकडे हा उपाय किती घरांत चालला असता, याचा विचार न केलेलाच बरा.

या कामाचे एक भावंड अमेरिकेत आहे. तेथील बेसबॉल या खेळात फळीवाल्याच्या पाठीमागे बसणाऱ्यास कॅचर म्हणतात. १८६९ साली सिनसिनाटी शहरात जो पहिला उघडउघड पगारी संघ निघाला, त्या 'रेड स्टॉकिंग्ज' संघाचा कॅचर डग ॲलिसन. त्या काळचे कॅचर उघड्या हातांनी चेंडू झेलीत. तोंडावरचा लोखंडी जाळीचा मुखवटा १८७०च्या दशकात हार्वर्ड विद्यापीठातील खेळाडूंनी आणला आणि पायांवरची ढाल १९०७च्या सुमारास रॉजर ब्रेस्नाहन याने रूढ केली. पहिला मुखवटा घालणाऱ्यास प्रेक्षक भित्रा म्हणून हसले, असे म्हणतात. परंतु एक गोष्ट त्या ॲलिसनला प्रथमपासून होती. त्याच्या मोडक्या बोटांचा मोबदला हंगामाच्या आधीच ठरलेला होता. त्याचा खेळ हाच त्याचा धंदा होता आणि तसे म्हणण्याची कोणाला लाज वाटत नव्हती. इंग्लंडातही तीच रीत. लेस्ली एम्ससारखा यष्टिरक्षक केंट परगण्याचा पगारी खेळाडू होता. अशा खेळाडूच्या दीर्घ सेवेनंतर त्याच्यासाठी मदतीचा सामना भरवून त्याचे उत्पन्न त्याच्या हाती देण्याचा तेथे प्रघात होता.

भारतात मात्र मोठी चमत्कारिक अवस्था होती. येथील खेळाडू नावाने हौशी. पण हौस पुरविण्याइतकी मिळकत असलेले त्यांत मोजकेच. राजेरजवाडे आणि सधन व्यापारी यांच्या मुलांना 'हौशी' हा शब्द शोभून दिसे. कारकुनाला तो शब्द लावला म्हणजे त्याचा अर्थ एवढाच, की खेळाचे पैसे मिळणार नाहीत आणि रजेचा अर्ज मात्र करावा लागेल.

हिंदळेकरांच्या आधी या जागेवर जे उभे होते, त्यांची हकीकत येथे सांगितली नाही तर पुढचे नीट उमगणार नाही. पुण्याजवळच्या फुलगावचे जनार्दन ज्ञानोबा नवले यांचा जन्म १९०२ सालचा. सोळाव्या वर्षी ते मुंबईच्या चौरंगी सामन्यांत हिंदूंच्या संघातून उतरले. १९३२ साली जूनच्या २५ तारखेस भारताने लॉर्ड्सवर आपला पहिला कसोटी सामना खेळावयास आरंभ केला, तेव्हा यष्टींमागे नवले होते. मोहम्मद निसार यांनी दोन गडी उडविले, एक धावबाद झाला आणि इंग्लंडचे तीन गडी अवघ्या १९ धावांत गेले, ही कथा सर्वांस ठाऊक आहे. त्यानंतर कर्णधार जार्डिन पाय रोवून उभा राहिला आणि ७९ धावा झाल्यावर सी. के. नायडू यांच्या चेंडूवर त्याचा झेल नवल्यांच्या हाती विसावला. नवले यांच्या कसोटी कारकिर्दीतील हा एकुलता एक झेल. पण जार्डिनसारखा गडी असेल तर एकही पुष्कळ झाला.

इंग्लंडचा तो डाव १०५ षटके चालला. म्हणजे नवले सहाशेंहून अधिक वेळा बसले आणि उठले. डाव संपताच त्यांनी मोजे काढले, पॅड तेच ठेवले, आणि नवमल जेवमल यांच्या जोडीने सलामीला गेले. भारताने कसोटी क्रिकेटमध्ये खेळलेला पहिला चेंडू टाकला बोज याने, आणि तो खेळून काढला नवले यांनी. सहाशे उठाबशांनंतर थकलेले गुडघे घेऊन नव्या चेंडूपुढे जाण्याचे काम संघाने यष्टिरक्षकास द्यावे, आणि त्यात कोणाला काही वावगे वाटू नये, यातच त्या काळची दृष्टी दिसून येते. नवल्यांनी १२ आणि १३ धावा काढल्या. त्यांच्या वाट्याला एकंदर दोनच कसोटी सामने आले. उतारवयात त्यांनी साखर कारखान्यात पहारेकऱ्याचे काम केले आणि दोन खोल्यांच्या घरात दिवस काढले, असे त्यांच्याविषयी लिहिले गेले आहे. १९७९ साली पुण्यात त्यांचा अंत झाला.

चार वर्षांनी, १९३६च्या दौऱ्यावर, नवल्यांच्या जागी हिंदळेकर गेले. तो दौरा बदनाम आहे आणि त्याचे कारण खेळ हे नव्हे. कर्णधार होते विजयानगरमचे महाराजकुमार. त्यांच्या फलंदाजीविषयी सभ्यपणे बोलावयाचे तर मौन धरणेच इष्ट. लाला अमरनाथ यांच्यासारख्या मोहऱ्यास पहिल्या कसोटीपूर्वीच शिस्तभंगाचा ठपका ठेवून मायदेशी धाडण्यात आले. दौरा चालू असतानाच महाराजकुमारांस सरकारकडून 'सर' हा किताब मिळाला. त्याच संघात पोर्ट ट्रस्टचा हा नोकर होता. एकाच बोटीने गेलेल्या या दोन माणसांची तुलना करण्याचा मोह होतो, तो येथे आवरलेला बरा.

लॉर्ड्सच्या कसोटीत हिंदळेकरही सलामीलाच गेले. नवले यांना यष्टिरक्षण करून सलामीला जावे लागले, यांना सलामीला जाऊन मग यष्टिरक्षण, फरक एवढाच. विजय मर्चंट यांच्या जोडीने त्यांनी ६२ धावांची सुरुवात करून दिली. मर्चंट यांच्या ३५, हिंदळेकरांच्या २६. भारताचा डाव १४७ धावांत आटोपला. यानंतर जे घडले ते त्या दौऱ्यातील सर्वांत तेजस्वी प्रकरण होय. अमरसिंग यांनी अवघ्या ३५ धावांत सहा गडी टिपले आणि इंग्लंडचा डाव १३४ धावांत कोसळला. इंग्लंडपेक्षा भारताचा पहिला डाव मोठा झाला होता.

अमरसिंगांची गोलंदाजी पाहिलेले जाणकार सांगत, की त्यांचा चेंडू टप्पा पडल्यावर अधिकच वेग घेतो असा भास होई. अशा चेंडूंपुढे फलंदाजाची जी तारांबळ होते, तीच यष्टिरक्षकाचीही व्हावयाची. भेद इतकाच, की फलंदाज बाद होऊन तंबूत जाऊन बसू शकतो. यष्टिरक्षकाला पुढचा चेंडू असतोच. एका टोकाकडून निसार यांची तुफानी वेगाची मारगिरी, त्यासाठी यष्टींपासून दूर उभे राहावयाचे. दुसऱ्या टोकाकडून अमरसिंगांचे आत-बाहेर वळणारे चेंडू, त्यासाठी अंतर बदलावयाचे. षटक संपले की जागा बदल, अंदाज बदल, हातांची उंची बदल. दिवसभर हे करूनही चेहऱ्यावर काही न दाखविणारा माणूस म्हणून हिंदळेकरांची ख्याती होती. ओरडून दाद मागणे, झेल घेतल्यावर उडी मारणे, असला दिखाऊपणा त्यांच्या अंगी नव्हता.

दुसऱ्या डावात भारताची दाणादाण उडाली. मर्चंट शून्यावर गेले. संघाच्या सगळ्या मिळून ९३ धावा, आणि त्यांत सर्वाधिक धावा कोणाच्या, तर यष्टिरक्षकाच्या, १७. सतरा हा आकडा कोणी अभिमानाने सांगावा असा नव्हे. परंतु त्या दिवशी नायडू, वझीर अली, मुश्ताक अली यांच्यापैकी कोणालाही तेथवर जाता आले नाही. भारत नऊ गड्यांनी हरला.

याच सामन्यात हिंदळेकरांच्या बोटाच्या हाडाचा टवका उडाला. पुढच्या दोन कसोटींत ते खेळू शकले नाहीत. त्यांच्या जागी सलामीला कोणास पाठवावयाचे हा प्रश्न पडला, आणि मँचेस्टरला मर्चंट यांच्याबरोबर मुश्ताक अली गेले. या जोडीने २०३ धावांची भागी केली. मुश्ताक ११२, मर्चंट ११४. परदेशात भारतीय खेळाडूने काढलेले पहिले कसोटी शतक ते मुश्ताक अलींचे. भारतीय क्रिकेटच्या इतिहासातील हे सोन्याचे पान एका मोडलेल्या बोटामुळे उघडले, हे कोणी सहसा सांगत नाही. सांगावे असा हिंदळेकरांचा आग्रहही नसावा.

त्यानंतर दहा वर्षे गेली. मध्ये महायुद्ध झाले आणि कसोटी सामने थांबले. सत्ताविसाव्या वर्षापासून सदतिसाव्या वर्षापर्यंतचा काळ हा खेळाडूच्या आयुष्यातील जो भरघोस भाग, तो हिंदळेकरांनी मुंबईच्याच मैदानांवर काढला. रणजी करंडकाच्या सामन्यांत मुंबईकडून, आणि चौरंगीची पुढे पंचरंगी झालेल्या स्पर्धेत हिंदूंकडून. नोकरी चालूच होती. उन्हात उभे राहून हात सुजावेत, आणि सोमवारी सकाळी त्याच हातांनी कचेरीतले काम करावे, असा तो क्रम.

१९४६ साली पतौडीच्या नबाबांच्या नेतृत्वाखाली संघ विलायतेस निघाला, तेव्हा यष्टिरक्षणासाठी पहिली निवड पुन्हा हिंदळेकरांचीच झाली. दुसरे यष्टिरक्षक रावसाहेब निंबाळकर होते. सदतीस वर्षांच्या माणसाला या जागेसाठी नेणे आज हास्यास्पद वाटेल. पण तिन्ही कसोटी सामने तेच खेळले. या दौऱ्यात विनू मांकड यांनी हजारांहून अधिक धावा आणि १२९ बळी, असा दुर्मिळ पराक्रम केला. मांकडांच्या डावखुऱ्या फिरकीच्या मागे यष्टींना खेटून बसावे लागते. फलंदाजाच्या अंगाने झाकलेला चेंडू शेवटच्या क्षणी दिसतो, आणि तो वळणार की सरळ येणार हे यष्टिरक्षकाला फलंदाजाच्या आधी कळावे लागते. गोलंदाजाच्या नावापुढे जे आकडे लागतात, त्यांच्या तळाशी हे न दिसणारे आकलन असते.

या दौऱ्यातील हिंदळेकरांची जी घटका स्मरणीय, ती मात्र यष्टींच्या मागची नसून पुढची आहे. जुलैमध्ये मँचेस्टर येथे दुसरी कसोटी झाली. पावसाने खेळाचा बराच वेळ खाल्ला होता. शेवटच्या दिवशी इंग्लंडने भारतापुढे २७८ धावांचे लक्ष्य ठेवले. धावा काढण्याचा प्रश्न लवकरच मागे पडला. प्रश्न उरला तो डाव सांभाळण्याचा. ॲलेक बेडसर हा धिप्पाड गोलंदाज नव्याने उदयास आला होता. लॉर्ड्सच्या आपल्या पहिल्याच कसोटीत त्याने अकरा गडी बाद केले होते, आणि येथेही त्याने तसेच अकरा पुरे करीत आणले. एकेक करून भारताचे नऊ गडी गेले. मैदानावर रंगा सोहोनी होते. अकराव्या क्रमांकावर हिंदळेकर आले.

दहा वर्षांपूर्वी याच देशात ज्यांनी मर्चंट यांच्याबरोबर डावाला आरंभ केला होता, ते आता सर्वांच्या शेवटी आले होते. घड्याळात तेरा मिनिटे उरली होती. तेरा मिनिटे हा काळ घरात बसून मोजला तर चहा उकळण्याइतका. यष्टींपुढे, सभोवती हात पसरून उभ्या असलेल्या क्षेत्ररक्षकांच्या कड्यात, तो फार मोठा होतो. सोहोनी आणि हिंदळेकर यांनी तो काढला. कोणी मोठा फटका मारला नाही, कोणी धोका पत्करला नाही. भारत नऊ बाद १५२ वर राहिला आणि सामना अनिर्णित सुटला. यष्टींमागे पंधरा-वीस वर्षे बसून चेंडूचा जो स्वभाव त्यांच्या अंगवळणी पडला होता, त्याचा उपयोग बहुधा त्या तेरा मिनिटांत झाला असावा. कोणता चेंडू सोडावा हे यष्टिरक्षकाइतके कोणाला कळणार?

हिंदळेकर एकंदर चार कसोटी सामने खेळले आणि त्यांत त्यांच्या नावावर ७१ धावा लागल्या. १९४७च्या हिवाळ्यात ऑस्ट्रेलियास संघ गेला, तेव्हा प्रबीर सेन आणि इराणी हे यष्टिरक्षक होते. हिंदळेकरांचा काळ संपला होता, आणि चाळिशीच्या उंबरठ्यावर त्यात नवल नव्हते.

नवल वाटावे, आणि वाईटही वाटावे, ते यापुढच्या गोष्टीचे. दोन वेळा विलायतेस जाऊन आलेला, देशाच्या नावाचा कोट अंगावर चढविलेला हा माणूस परत आला तो आपल्या त्याच तुटपुंज्या पगारावर. खेळाने त्याला काही साठवून दिले नव्हते, कारण तो हौशी होता. मंडळाकडे त्याच्यासाठी काही तरतूद नव्हती, कारण तशी तरतूद कोणासाठीच नव्हती. कसोटी खेळाडूंना निवृत्तिवेतन मिळू लागले ते एकविसाव्या शतकात. तब्येत ढासळली तेव्हा वेळीच आणि पुरेसे उपचार झाले नाहीत. गरिबाच्या घरी दुखणे अंगावर काढण्याची जी रीत आहे, ती कसोटी खेळाडूच्या घरीही चुकली नाही. ३० मार्च १९४९ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले. त्यांना चाळीस वर्षे पूर्ण होऊन अवघे तीन महिने झाले होते.

त्याच वर्षांत भारतीय क्रिकेट बहरास आले होते, हे ध्यानात घेतले म्हणजे मन अधिकच अस्वस्थ होते. १९४८-४९च्या हिवाळ्यात वेस्ट इंडीजचा संघ प्रथमच भारतात आला होता. मुंबईच्या ब्रेबॉर्न स्टेडियमवर हजारो लोक तिकिटे काढून बसत होते. फेब्रुवारी १९४९ मधील तेथील अखेरची कसोटी तर विजयापासून अवघ्या सहा धावांवर सुटली आणि शहरात दुसरा विषय नव्हता. हिंदळेकर ज्या शहरात गेले ते शहर क्रिकेटला विसरलेले नव्हते. पैसा नव्हता असेही नव्हे. त्या पैशाची वाट यष्टींमागे उभे राहिलेल्या माणसाच्या घरापर्यंत जात नव्हती, एवढेच.

त्या घराण्यात एक मुलगा होता. हिंदळेकर त्याचे मामा की काका याचा घोळ इंग्रजी पुस्तके घालतात, कारण त्या भाषेला दोहोंसाठी एकच शब्द पुरतो. हा पुतण्या वा भाचा म्हणजे विजय मांजरेकर. हिंदळेकर गेले तेव्हा तो सतरा वर्षांचा होता. १९५१च्या डिसेंबरात कलकत्त्यास तो आपला पहिला कसोटी सामना खेळला. पुढच्या वर्षी जूनमध्ये लीड्सला भारताचे तीन गडी ४२ धावांत गेले असता तो खेळावयास आला आणि १३३ धावा काढून गेला. त्या सामन्यात समोर बेडसर होता. मँचेस्टरच्या त्या तेरा मिनिटांतला तोच बेडसर. मांजरेकरांनी पुढे ५५ कसोटी सामन्यांत ३२०८ धावा केल्या. नेमलेला यष्टिरक्षक नसेल अशा वेळी मोजे चढवून ते यष्टींमागेही उभे राहत.